वाचकांचे प्रश्न : मातीखालचे देवगांडूळ

मागच्या अंकात बेडकांविषयीच्या प्रश्नांना उत्तरे देताना पाय नसलेल्या, जमिनीखाली राहणाऱ्या एका उभयचराचा, म्हणजे देवगांडुळाचा, ओझरता उल्लेख झाला होता. त्यावर कोकण, गोवा आणि घाटमाथ्यावरून बरीच पत्रे आली. काहींनी फोटोही पाठवले. त्यातले निम्मे फोटो देवगांडुळाचे नव्हते, म्हणून ओळखीपासूनच सुरुवात करू.

प्रश्न : गायरीतले (शेणाच्या खड्ड्यातले) शेणखत काढताना तळाशी वीतभर लांबीचा, जांभळट करड्या रंगाचा, ओलसर प्राणी निघाला. अंगावर वळ्या होत्या. घरच्यांनी सापाचे पिल्लू म्हणून मारायला घेतले होते. हे गांडूळ, वाळा की देवगांडूळ? (कणकवली)

वर्णनावरून देवगांडूळच. पण खात्री करून घ्यायची तर तोंड पाहा. देवगांडुळाला खरा जबडा असतो, तोंड थोडे खालच्या बाजूला उघडते आणि आत मागे वळलेले बारीक अणकुचीदार दात असतात. गांडुळाला ना जबडा, ना दात, ना हाड. शिवाय गांडूळ ताणले जाते आणि आखडते. पाठीचा कणा असल्यामुळे देवगांडुळाची लांबी तशी कमीजास्त होत नाही. ते सापासारखे वळवळते आणि मुठीत धरले तर बोटांच्या फटीतून डोके घालून जोराने बाहेर घुसते. मोठ्या गांडुळाच्या अंगावर डोक्याकडे एक जाडसर, वेगळ्या रंगाचा पट्टा असतो. देवगांडुळाला तो कधीच नसतो.

वाळा हा साप आहे. त्याचे अंग कोरडे, गुळगुळीत, बारीक खवल्यांचे असते, शेपटीच्या टोकाला सूक्ष्म काटा असतो आणि दुभंगलेली जीभ लवलवताना दिसते. देवगांडुळाची जीभ अशी बाहेर येत नाही. खापरखवल्या हा सापही मातीतच सापडतो, पण त्याची शेपटी तिरकी कापल्यासारखी बोथट आणि खरखरीत असते. मांडूळ तर मनगटाएवढे जाड होऊ शकते आणि त्याला कोरडी, मोकळी जमीन लागते, त्यामुळे ओल्या गायरीत ते बहुधा नसते. घाईत एवढेच पाहिले तरी चालेल : अंग ओलसर, अंगभर वळ्या आणि चेहऱ्याला जबडा, या तिन्ही गोष्टी एकत्र असल्या तर ते देवगांडूळ.

गायरीत ते का येते, हेही लक्षात घ्या. कुजत्या शेणाच्या मधोमध तापमान पन्नास-साठ अंशांपर्यंत चढते, तिथे ते जगणार नाही. कडेला आणि तळाशी मात्र गारवा, ओल, गांडुळे, वाळवी, किड्यांच्या अळ्या असे सगळे मिळते. म्हणूनच ते तुम्हाला तळाशी दिसले.

प्रश्न : देवगांडूळ विषारी असते का? हाताला चिकट पांढरट पदार्थ लागला होता. (चिपळूण)

माणसाला त्याच्यापासून धोका नाही. त्वचेत दोन प्रकारच्या ग्रंथी असतात. एक प्रकार बुळबुळीत स्राव सोडतो, त्यामुळे मातीतून सरकणे सोपे होते. दुसऱ्या ग्रंथींचा स्राव शत्रूला नकोसा वाटावा असा असतो. तो डोळ्यात किंवा जखमेत गेला तर चुरचुरते, म्हणून साबणाने हात धुवा आणि धुण्याआधी डोळे चोळू नका.

ब्राझीलमधल्या सिफोनॉप्स अॅन्युलेटस या जातीच्या दातांच्या बुडाशी स्राव सोडणाऱ्या ग्रंथी असल्याचे 2020 मध्ये प्रसिद्ध झाले आणि ‘विषारी उभयचर’ अशा बातम्या फिरल्या. तो अभ्यास मुख्यतः त्या जातीवरचा आहे. आपल्याकडचे देवगांडूळ चावायला सहसा जातच नाही, निसटायला पाहते. ईशान्य भारतातही लोक या प्राण्यांना विषारी सापाची पिल्ले समजून मारतात. गैरसमज तिथे आणि इथे सारखाच आहे, आणि दरवर्षी त्यापायी निरुपद्रवी प्राणी मरतात याचे आम्हाला फार वाईट वाटते.

प्रश्न : आमच्या कुळागरात पोफळींना माती लावताना कुदळीने ही बरीच तुटतात. गांडुळासारखे दोन्ही तुकडे जगतात, असे गडी म्हणतात. खरे आहे का? आणि वाचवायचे कसे? (सत्तरी, गोवा)

जगत नाहीत. देवगांडुळाला कणा, हृदय, फुप्फुस, यकृत असे सगळे एकाच लांबट शरीरात असते. तुटले की दोन्ही तुकडे मरतात. (गांडुळाच्या बाबतीतही ‘एकाची दोन’ ही समजूत बरोबर नाही. फार तर डोक्याकडचा भाग तग धरतो.)

वाचवायचे तर खणण्याची पद्धत थोडी बदलावी लागेल. पावसाळ्यात ही जनावरे वरच्या वीतभर मातीत, पातेऱ्याखाली (वाळक्या पाल्याखाली), दगडांखाली, कुजक्या झावळ्यांखाली असतात, आणि नेमके तेव्हाच आपण माती ओढतो. आधी पातेरा आणि झावळ्या हाताने किंवा दाताळ्याने बाजूला करा. पाच-दहा मिनिटे तसेच राहू द्या, उजेड आणि हालचाल जाणवली की बरीचशी खाली सरकतात. मग कुदळ सरळ खाली न मारता कडेकडून, चार-चार बोटांचा थर उचलत जा. पाटाच्या कडेची आणि पाणी झिरपते तिथली माती सर्वात शेवटी घ्या, कारण ती त्यांची हक्काची जागा असते. गायरी उपसताना तळाचा अर्धा फूट थर तसाच सोडला तर खताचे नुकसान नगण्य होते आणि उन्हाळ्यात ओलीला आलेल्या प्राण्यांना तेवढा आसरा राहतो.

सापडलेले देवगांडूळ ओल्या हाताने उचला. कोरड्या हाताने उचलले तर त्वचेवरचा बुळबुळीत थर निघतो, आणि श्वासाचा काही भाग ते त्या ओल्या त्वचेतूनही घेत असते. उन्हात ठेवलेल्या घमेल्यात टाकले तर थोड्या वेळात सुकून मरते. सावलीत, ओलसर मातीने अर्ध्या भरलेल्या डब्यात ठेवा, झाकणाला बारीक भोके पाडा. भोक बोटाएवढे असेल तर ते त्यातून निघून जाईल. काम संपले की त्याच दिवशी, त्याच बागेत, सापडले तिथून फार दूर नाही अशा ओल्या जागी हातभर रुंदीची माती मोकळी करून सोडा आणि वर पातेरा घाला. नुसते जमिनीवर टाकून जाऊ नका. कडक जमिनीत शिरायला त्याला वेळ लागतो आणि तेवढ्यात कावळे, कोंबड्या टिपतात.

जखम झाली असेल तर हळद, राख, आयोडीन, जंतुनाशक यांतले काहीही लावू नका. त्वचा सगळे शोषून घेते. ओल्या मातीत सोडणे हाच उपचार.

आता खतांविषयी, कारण कुदळीपेक्षा जास्त हानी बहुधा इथेच होते. माडाच्या आळ्यात मीठ टाकण्याची पद्धत जुनी आहे. मीठ या प्राण्याच्या अंगातले पाणी ओढून घेते. ज्या आळ्यात मीठ किंवा चुना पडणार आहे, तिथे देवगांडूळ सापडले तर ते परत तिथे न सोडता शेजारच्या बांधाला सोडा. पोफळीच्या कोळे रोगासाठी (सुपारी कुजवणाऱ्या रोगासाठी) एक टक्का बोर्डो मिश्रण मारता, म्हणजे 100 लिटर पाण्याला 1 किलो मोरचूद आणि 1 किलो चुना. पोफळीच्या घोसावर मारलेल्या मिश्रणाबद्दल आमचे म्हणणे नाही, फवारणी टाळा असे आम्ही सांगणार नाही. पण उरलेले मिश्रण पाटात ओतणे आणि पंप व्हाळात (ओढ्यात) धुणे टाळाच. मोरचुदातले तांबे पाण्यातल्या पिल्लांना फार थोड्या प्रमाणातही मारक ठरते. पंप धुतलेले पाणी पाण्यापासून दूर, उंचवट्यावरच्या कोरड्या खड्ड्यात जिरवा.

प्रश्न : ओढ्याच्या काठाला, पाण्यातल्या पानांखाली बोटभर लांबीचा, वाम माशाच्या पिल्लासारखा प्राणी रात्री दिसला. डोक्यामागे दोन्ही बाजूंना एकेक भोक आणि शेपटीला पातळ पडदा होता. मासा म्हणावा तर बाजूचे पर नव्हते. (चंदगड)

फार छान निरीक्षण. हे इक्थिओफिस या गटातल्या देवगांडुळाचे पिल्लू. ती दोन भोके म्हणजे कल्ल्यांची छिद्रे.

या गटात मादी पाण्याजवळच्या ओल्या मातीत पोकळी करून अंडी घालते. अंडी दोऱ्यात ओवल्यासारखी एकमेकांना जोडलेली असतात आणि मादी त्यांच्याभोवती वेटोळे घालून बसते. अंड्यात असताना पिल्लाला पिसासारखे बाहेरचे कल्ले असतात, ते बाहेर येण्याच्या सुमारास गळतात आणि छिद्र तेवढे उरते. पावसात पिल्लू वळवळत पाण्यात जाते. पाण्यातल्या मुक्कामात त्याच्या त्वचेत माशांसारखी पाण्याची हालचाल टिपणारी इंद्रिये असतात, शिवाय भक्ष्याच्या स्नायूंमधली सूक्ष्म वीज जाणवणारीही असतात. अंधारात, गढूळ पाण्यात त्यांच्यावर त्याचे भागते. वाढ पुरी झाली की छिद्रे बुजतात, शेपटीचा पडदा जातो, चेहऱ्यावर स्पर्शिका (वास टिपणारा बारीक अवयव) फुटते आणि ते जमिनीत शिरते. त्यानंतर ते पाण्यात राहणारे जनावर नसते.

सगळी देवगांडुळे अशी नाहीत. आपल्याकडच्या गेगेनिओफिस गटातल्या ज्या जाती अंडी घालतात, त्यांच्यात पिल्लू पाण्यात जातच नाही. अंड्यातच पूर्ण वाढून छोटे देवगांडूळ बाहेर पडते. रत्नागिरी जिल्ह्यातल्या डोर्ले गावावरून 2003 मध्ये नोंदलेली गेगेनिओफिस शेषाचारी ही जात तर थेट पिल्ले देते. 2008 मध्ये ते सिद्ध झाले, आणि पिल्ले देणारे आशियातले ते पहिले देवगांडूळ ठरले. कोकणातल्या जांभ्याच्या मातीत एवढी मोठी गोष्ट दडलेली होती! ईशान्य भारतातल्या चिकिला गटात (2012 मध्ये त्याचे स्वतंत्र कुळ मानले गेले, आणि त्याचे जवळचे नातेवाईक आफ्रिकेत निघाले) मादी अंड्यांभोवती दोन-तीन महिने उपाशी बसते. केनियातल्या ताइता डोंगरातल्या जातीत पिल्ले आईच्या त्वचेचा वरचा चरबीयुक्त थर खास दातांनी खरवडून खातात. आईला इजा होत नाही, तो थर पुन्हा तयार होतो. 2006 मध्ये हे जगापुढे आले. वर उल्लेख केलेली ब्राझीलची जातही पिल्लांना त्वचा खाऊ घालते, शिवाय मागच्या द्वारातून दुधासारखा स्निग्ध स्राव पाजते. 2024 मधले हे संशोधन.

सर्व देवगांडुळांत फलन मात्र शरीराच्या आत होते. नराला त्यासाठी अवयव असतो. बेडकांहून हा मोठा फरक आहे.

तुम्ही पाहिलेल्या ओढ्याच्या काठाची पाने आणि दगड हलवू नका, एवढी विनंती. काठ सिमेंटने बांधला की मादीला अंडी घालायला माती उरत नाही.

प्रश्न : त्याला डोळे नसतात का? मग खायला कसे मिळवते? (पुणे)

डोळे असतात, पण त्वचेखाली, काही जातींत तर हाडाखाली. उजेड-अंधार कळण्यापुरता त्यांचा उपयोग. खरे काम स्पर्शिकेचे. डोळा आणि नाकपुडी यांच्या दरम्यान एका बारीक छिद्रातून ती आतबाहेर होते आणि मातीतला वास टिपते. असा अवयव दुसऱ्या कुठल्याही प्राण्याला नाही. भक्ष्य तोंडात धरले की देवगांडूळ स्वतःच्या अंगाभोवती गरगर फिरते आणि तुकडा पिळून तोडते. अरुंद बिळात मान झटकायला जागा नसते, त्यावरचा हा उपाय.

प्रश्न : शाळेत मुलांना दाखवण्यासाठी बरणीत पाळता येईल का? (शिक्षिका, पाटण)

पाळू नका. वर्गातल्या बरणीतली माती एक तर वाळते किंवा चिकचिकीत होऊन नासते, आणि दोन्हींत प्राणी दगावतो. नळाच्या पाण्यातले क्लोरीन त्वचेला सोसत नाही. शिवाय तुमचा कोयना परिसर साधा नाही. इंडोटिफ्लस महाराष्ट्रेन्सिस ही जात 2004 मध्ये तिथल्याच हुंबरळीवरून नोंदली गेली आहे.

शाळेच्या आवारात आपसूक सापडले तर तासभर दाखवायला हरकत नाही. पारदर्शक प्लास्टिकच्या डब्यात दोन बोटे ओली माती, पाणी विहिरीचे किंवा पावसाचे, डबा सावलीत. प्रत्येकाने हाताळायचे नाही. चौकोनी डब्याच्या काचेसारख्या भिंतीलगत ते शिरते तेव्हा वळ्या आणि डोके छान दिसते. मग जिथले तिथे सोडा.

प्रश्न : महाविद्यालयाच्या प्रकल्पासाठी जातींची यादी करायची आहे. आमच्या भागात किती जाती आहेत, त्या ओळखायच्या कशा, आणि मेलेला नमुना मिळाला तर काय करायचे? (खानापूर)

जगात सुमारे 220 जाती, भारतात चाळीसच्या आसपास. त्यातल्या बऱ्याच सह्याद्रीत, आणि तुमच्या उंबरठ्यावरच्या चोर्ला घाटाचे नाव त्यात पुन्हा पुन्हा येते. तिथून 2007 मध्ये गेगेनिओफिस म्हादेइएन्सिस आणि 2011 मध्ये पिवळ्या पट्ट्याची इक्थिओफिस डेव्हिडी नोंदली गेली. पलीकडे गोव्यात बोंडल्याची गेगेनिओफिस नाडकर्णी (2004), केरीची गोएन्सिस (2007) आणि कुस्केची परेशी (2011). उत्तरेला आंबोलीची गेगेनिओफिस डॅनिएली (2003), खंडाळ्याची इंडोटिफ्लस बॅटर्सबायी (1960). कोकण-घाटात दूरवर पसरलेली, पट्टा नसलेली इक्थिओफिस बॉम्बेएन्सिसही यादीत येईल. या सगळ्या तारखा पाहिल्या तर कळेल की बहुतेक काम 2000 नंतरचे आहे. तुमच्या नोंदीला म्हणूनच खरी किंमत आहे.

गट ओळखायला आधी पोट वर करून मागचे द्वार शोधा. द्वाराच्या मागे काही मिलिमीटर निमुळती शेपटी असेल तर इक्थिओफिस. शरीर द्वारापाशीच गोलसर संपत असेल तर गेगेनिओफिस किंवा इंडोटिफ्लस. दुसरी खूण वळ्यांची. इक्थिओफिसच्या अंगभर दाट, बारीक वळ्या असतात. गेगेनिओफिसमध्ये पुढच्या भागात त्या विरळ असतात आणि मधल्या जादा रेषा असल्याच तर मागच्या बाजूला. तिसरी खूण डोळ्याची. इक्थिओफिसमध्ये तो ठिपक्यासारखा दिसतो, गेगेनिओफिसमध्ये हाडाखाली गेलेला असतो. एवढ्यावर गट कळेल. जात ठरवायला वळ्या मोजाव्या लागतात, दात पाहावे लागतात, अनेकदा डीएनए लागतो. फक्त रंगावरून जातीचे नाव लिहू नका, प्रकल्पांत सर्वाधिक चुका तिथेच होतात.

जिवंत प्राण्याच्या फोटोसाठी स्वच्छ पारदर्शक पिशवीत चमचाभर पाणी घालून त्यात त्याला हलकेच सरळ करा. मग वळवळ कमी होते आणि पोटाकडचाही फोटो घेता येतो. पाच फोटो हवेत : पट्टीसह पूर्ण शरीर, डोक्याची एक बाजू, हनुवटी, शरीराच्या मध्यावरच्या वळ्या, द्वार. लांबी दोऱ्याने पाठीवरून मोजा, ओढून ताणू नका. तारीख, गाव, समुद्रसपाटीपासूनची उंची, किती बोटे खोल होते, वर काय होते, हे तिथेच लिहा. अभयारण्यात दगड उलटायलाही वनखात्याची परवानगी आधी घ्या, आणि उलटलेला दगड पूर्वीसारखा ठेवा. एका जागेवरून दुसरीकडे जाताना बुटांची आणि कुदळीची माती धुऊन वाळवा. उभयचरांचे बुरशीजन्य रोग चिखलातून पसरतात आणि देवगांडुळांनाही होतात.

नमुन्यासाठी मारायचे नाही, हे सांगायला नकोच. रस्त्यावर किंवा शेतात मेलेले मिळाले तर आधी यकृताचा किंवा स्नायूचा तांदळाएवढा तुकडा 95 टक्क्यांहून तीव्र इथेनॉलमध्ये ठेवा. उरलेले शरीर सरळ करून दहा टक्के फॉर्मालिनमध्ये, काही दिवसांनी धुऊन 70 टक्के इथेनॉलमध्ये. क्रम उलटला तर फॉर्मालिनमुळे डीएनए निरुपयोगी होतो. फॉर्मालिन हातमोजे घालून, मोकळ्या हवेत आणि शिक्षकांच्या देखरेखीखालीच वापरा. चिठ्ठी शिसपेन्सिलीने लिहून बाटलीच्या आत टाका, पेनची शाई अल्कोहोलमध्ये विरघळते. नमुना मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीकडे किंवा पुण्यात आकुर्डीला असलेल्या भारतीय प्राणी सर्वेक्षणाच्या केंद्राकडे आधी विचारून पोचवा.

प्रश्न : पाण्याच्या सिमेंटच्या टाकीत पावसात दोनदा देवगांडूळ मेलेले सापडले. उभयचर असून बुडते कसे? (देवरूख)

मोठेपणी कल्ले उरत नाहीत, हवा घ्यायला वर यावेच लागते. गुळगुळीत भिंतीला टेकायला जागा मिळत नाही आणि पोहून पोहून ते थकते. पावसात रात्री ती जमिनीवर फिरतात, तेव्हा जमिनीलगतच्या उघड्या टाकीत पडणे सोपे. टाकीचा काठ जमिनीपासून वीतभर उंच करून घ्या. ते शक्य नसेल तर खडबडीत फळी किंवा सुंभ गुंडाळलेला बांबू तिरका टाकून ठेवा. त्याचे एक टोक तळाला आणि दुसरे काठाबाहेर मातीला टेकलेले हवे. पाण्याची पातळी खाली गेली तरी फळी पोचली पाहिजे. पावसाळ्यात सकाळी एकदा टाकीत नजर टाका. जिवंत मिळाले तर गाळणीने किंवा ओल्या फडक्याने काढून जवळच्या पातेऱ्याखाली सोडा.